रस्त्याच्या आदेशांचा न्यायालय अवमान (खानदेश)

रस्ता बांधा, दुरुस्त करा किंवा अडवलेला रस्ता मोकळा करा, असा आदेश उच्च न्यायालयाने दिल्यावर सरकारी यंत्रणेने तो पाळला की नाही, यावरून उभा राहणारा वाद. जळगाव, धुळे व नंदुरबार हे तिन्ही जिल्हे मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाच्या कक्षेत येतात. सातपुड्यातल्या धडगाव-अक्कलकुव्याच्या पाड्यांवरून दाद मागायची तर तिथवर जावे लागते.

डोंगराळ भागात रस्ता असणे हा राज्यघटनेच्या अनुच्छेद 21 मधील जगण्याच्या हक्काचा भाग आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने हिमाचल प्रदेशातील उमेद राम शर्मा प्रकरणात 1986 साली म्हटले. सातपुड्यात या वाक्याचा अर्थ समजावून सांगावा लागत नाही. रस्ता नसलेल्या पाड्यावरून अडलेल्या बाळंतिणीला बांबूच्या झोळीत घालून खाली आणतात, आणि वाटेत गेलेला वेळ तिच्या जिवावर बेततो.

न्यायालय अवमान अधिनियम, 1971 नुसार आदेशाचे किंवा न्यायालयाला दिलेल्या हमीचे हेतुपुरस्सर उल्लंघन म्हणजे दिवाणी अवमान. शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, 2,000 रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. कलम 20 प्रमाणे अवमानाची कारवाई सुरू करण्याची मुदत उल्लंघनापासून एका वर्षाची. अधिकाऱ्यांच्या आश्वासनांवर विसंबून गावकरी थांबतात आणि हे वर्ष हातचे जाते.

सगळी लढाई ‘हेतुपुरस्सर’ या एका शब्दावर होते. बांधकाम विभागाच्या किंवा जिल्हा परिषदेच्या शपथपत्रात प्रशासकीय मान्यता, निविदा, भूसंपादन, मोजणी अशी कारणे येतात. काही खरी असतात. मात्र पैसा नाही म्हणून कायद्याने नेमून दिलेले काम टाळता येत नाही, हे रतलाम नगरपालिकेच्या गटारांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 1980 मध्येच स्पष्ट केले होते. तो खटला अवमानाचा नव्हता, तरी त्यातला विचार इथे लागू पडतो.

वादाचे मूळ पुष्कळदा पहिल्या आदेशातच असते. ‘अर्जदाराच्या निवेदनावर निर्णय घ्यावा’ एवढेच त्यात लिहिलेले असेल, तर निवेदन फेटाळले तरी आदेश पाळल्यासारखेच होते. अवमानाचे न्यायालय मूळ आदेशापलीकडे जाऊन नवा रस्ता देऊ शकत नाही. म्हणून रस्त्याची सुरुवात व शेवट, तारीख आणि जबाबदार अधिकाऱ्याचे पद पहिल्याच आदेशात येणे किंवा सरकारी वकिलाकडून तशी हमी नोंदवून घेणे फार मोलाचे ठरते.

सातपुड्यात वनजमिनीचा अडसर मोठा. बांधकाम विभाग वनखात्याकडे बोट दाखवतो, वनखाते प्रस्तावातल्या त्रुटींकडे. वस्तुतः वनहक्क कायदा, 2006 च्या कलम 3(2) नुसार ग्रामसभेची शिफारस असेल आणि एक हेक्टरहून कमी जागा लागत असेल, तर रस्त्यासाठी वनजमीन देता येते. हेक्टरी 75 पेक्षा जास्त झाडे मात्र तोडता येत नाहीत. मूळ याचिकेत वनखात्यालाही प्रतिवादी केले असेल तर ही टोलवाटोलवी पुष्कळ कमी होते.

तापीकाठच्या केळी-कापसाच्या पट्ट्यात वाद शिवरस्त्यांचा (गावांच्या शिवेवरून जाणाऱ्या रस्त्यांचा) व पाणंदींचा (शेतांकडे जाणाऱ्या वाटांचा). तिथे पहिला आदेश मामलेदार न्यायालय अधिनियम, 1906 खाली तहसीलदार देतो. तो कागदावरच राहिला तर अंमलबजावणीसाठी शेतकरी उच्च न्यायालयात रिट याचिका (सरकारी यंत्रणेला आदेश द्यावा, अशी याचिका) करतो. तिच्यातला आदेशही मोडला की मग उच्च न्यायालयाच्या अवमानाचा प्रश्न येतो. तोवर बैलगाडी दुसऱ्याच्या बांधावरून जाते आणि भांडणे वाढतात.

कैद अगदी क्वचित होते. 2006 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने नवापूरचे स्वरूपसिंग नाईक यांना, ते राज्यात मंत्री असताना, एक महिन्याची कैद सुनावली. विषय आरागिरण्यांच्या परवान्यांचा होता. खानदेशचाच मंत्री तुरुंगात गेल्याने अवमानाचे गांभीर्य इथल्या लोकांना जवळून दिसले. रस्त्यांच्या बाबतीत बहुधा बिनशर्त माफी, मुदतवाढ आणि अखेरीस काम झाल्याची छायाचित्रे जोडलेले शपथपत्र, एवढ्यावर याचिका निकाली निघते. काळी माती पावसात फुगते, उन्हाळ्यात भेगाळते. तिच्यावर घाईने टाकलेला थर पुढच्याच पावसाळ्यात उखडला, तर देखभालीचा आदेश नसल्यास गावकऱ्यांना पुन्हा मूळ याचिकेपासून सुरुवात करावी लागते.