थकवा मोजायचा म्हणजे नेमकं काय मोजायचं?

रात्रपाळीमुळे कामगारांचं लक्ष कमी होतं का? नाशिकच्या सातपूर किंवा अंबड एमआयडीसीत कुणालाही विचारा, उत्तर लगेच मिळेल. मानसशास्त्राचा विद्यार्थी हाच प्रश्न प्रकल्पासाठी घेतो तेव्हा मात्र अडखळतो, आणि अडखळायलाच हवं. 'रात्रपाळी' हा इथला स्वतंत्र चल, म्हणजे ज्याचा परिणाम पाहायचा तो. 'लक्ष' हा परतंत्र चल, ज्यावर परिणाम होतो तो. दोन्ही शब्द रोजच्या वापरातले असले तरी जसेच्या तसे मोजता येत नाहीत.

रात्रपाळी सोपी वाटते, पण सेकंड शिफ्ट संपवून ओव्हरटाइमला रात्री दोनपर्यंत थांबलेला माणूस कोणत्या गटात धरायचा? आठवड्यातून एकच रात्र आलेला? हे फॉर्म भरून आल्यावर ठरवलं तर प्रत्येक जण सोयीच्या गटात जाऊन बसतो. म्हणून आधीच लिहून ठेवायचं: 'रात्री ११ ते सकाळी ७, सलग किमान चार रात्री; चाचणी चौथ्या रात्रीच्या शेवटी, गेटबाहेर पडण्याआधी.' याला कार्यात्मक व्याख्या म्हणतात. भौतिकशास्त्रज्ञ पर्सी ब्रिजमन यांनी १९२७ मध्ये ही कल्पना मांडली ती भौतिकशास्त्रासाठी. मानसशास्त्राने ती उचलली, कारण गरज इथेच जास्त होती.

लक्षाचं काम अवघड आहे. झोपेच्या संशोधनात त्यासाठी एक साधी, कंटाळवाणी चाचणी फार वापरली जाते. पडद्यावर खूण दिसली की बटण दाबायचं. दोन खुणांमधलं अंतर २ ते १० सेकंद, कसंही बदलणारं. एकूण वेळ १० मिनिटं. ५०० मिलिसेकंदांहून उशिरा आलेला प्रतिसाद 'चूक' धरतात. १०० हून कमी वेळात आलेला 'आधीच दाबलं' म्हणून बाजूला काढतात, कारण खूण दिसून बोट हलायला तेवढा वेळ पुरत नाही. सरावाने ही चाचणी फारशी सुधारत नाही, म्हणून पुन्हापुन्हा घेता येते. कंटाळा हाच तिचा गुण. कुणी दया येऊन ती दोन मिनिटांवर आणली, तर डुलकी यायच्या आधीच ती संपते.

चाचणी मोबाइलवर घेणार असाल तर सगळ्यांना एकाच मॉडेलचा हँडसेट द्या. टचस्क्रीनला बोट ओळखायला लागणारा वेळ फोनागणिक बदलतो, आणि ६० हर्ट्झच्या पडद्यावर एक चित्र सुमारे १७ मिलिसेकंद टिकतं. एका पाळीला नवा आणि दुसरीला जुना फोन दिला, तर निकालात फोनमधला फरक दिसेल.

मग आकडा कोणता घ्यायचा? सरासरी वेळ की चुकांची संख्या? दोन-तीन डुलक्या आल्या तरी सरासरी भलतीच फुगते, म्हणून बहुतेक जण चुका मोजतात. काहीही घ्या, पण आकडे पाहण्याआधी ठरवा.

सरळ माणसालाच विचारलं तर? त्यासाठी १ ते ९ ची एक झोपाळूपणाची श्रेणी आहे: १ म्हणजे अगदी टक्क जागा, ९ म्हणजे डोळे उघडे ठेवायला झगडतोय. इथे मानसशास्त्रज्ञ स्टॅन्ली स्टीव्हन्स यांची १९४६ ची मापांची विभागणी उपयोगी पडते: काही मापांत दुप्पट-तिप्पट म्हणता येतं, काहींत आकडे फक्त क्रम सांगतात. ६०० मिलिसेकंद हे ३०० च्या दुप्पट असतात. पण आठ नंबरवाला चार नंबरवाल्याच्या दुप्पट झोपाळू असतो असं नाही. ती नुसती क्रमवारी आहे.

आणि दोन मापं एकच गोष्ट सांगतील असंही नाही. पेनसिल्व्हेनिया विद्यापीठातल्या २००३ च्या प्रयोगात काही निरोगी प्रौढांना सलग १४ दिवस रात्री फक्त चार किंवा सहा तास झोपू दिलं. बटणाच्या चाचणीतल्या चुका दिवसागणिक वाढत गेल्या. 'किती झोप येतेय' याची उत्तरं मात्र पहिल्या काही दिवसांनंतर जवळजवळ तिथेच थांबली. म्हणजे फक्त प्रश्नावली वापरणारा 'कामगारांना सवय होते' असं लिहील आणि बटण वापरणारा नेमकं उलट. दोघांचेही आकडे खरे असतील.

प्रश्नावली वापरायचीच तर 'रात्रपाळीमुळे तुमची झोप आणि भूक बिघडते का?' असले प्रश्न आधी काढून टाका. झोप बिघडली पण भूक शाबूत असलेल्याने काय लिहायचं? शिवाय 'रात्रपाळीमुळे' म्हणताना उत्तर आपणच पुरवलं. फॉर्म सुपरवायझरच्या हातून वाटू नका. सगळं 'ठीक' असल्याचं कळेल. खऱ्या मोजणीआधी आठ-दहा जणांना प्रत्येक प्रश्न वाचून काय समजलं ते स्वतःच्या शब्दांत सांगायला लावा.

प्रश्न एकमेकांशी किती जुळतात हे मानसशास्त्रज्ञ क्रॉनबाख यांच्या 'अल्फा' या आकड्याने (१९५१) पाहतात, ०.७० च्या पुढे गेला की चालतो, असा रिवाज आहे. तो अचानक खाली आला किंवा उणे निघाला तर 'मला ताजंतवानं वाटतं' यासारख्या उलट्या प्रश्नाचे गुण उलटवायचे राहिलेत का, हे पहिल्यांदा तपासा. उलट, दहाच्या दहा प्रश्न पायदुखीचेच असले तर अल्फा झकास येईल, पण झोपेबद्दल काहीच कळणार नाही. विश्वसनीयता आहे, म्हणजे उत्तरं एकमेकांशी जुळतात; सप्रमाणता नाही, म्हणजे जे मोजायचं तेच मोजलं जात नाही.

एवढं करूनही इतर चल, म्हणजे पाळीखेरीज लक्षावर परिणाम करणाऱ्या गोष्टी, घोटाळा करतातच. रात्रपाळीवाल्याची चाचणी सकाळी सातला आणि दिवसपाळीवाल्याची दुपारी तीनला झाली, तर पाळी आणि घड्याळ यांचे परिणाम वेगळे काढता येत नाहीत. चहातलं कॅफिन निम्मं उतरायला साधारण पाच तास लागतात. तंबाखूतलं निकोटिनही तरतरी आणतं. शेवटचा चहा आणि शेवटची चिमूट कधी, हे दोन रकाने फॉर्मवर हवेतच. सिन्नरहून कंपनीच्या बसने येणारा आणि श्रमिकनगरहून चालत येणारा यांची झोपही सारखी नसते. यावर चांगला उपाय म्हणजे तोच माणूस दिवसपाळीच्या आणि रात्रपाळीच्या अशा दोन्ही आठवड्यांत मोजणं, तेही पाळीच्या सुरुवातीला आणि शेवटी. निम्म्यांची सुरुवात दिवसपाळीने, निम्म्यांची रात्रपाळीने. घड्याळाचा गुंता याने पूर्ण सुटत नाही, पण माणसामाणसांतला फरक तरी जातो.

एक गट मात्र कोणत्याच रकान्यात येत नाही. ज्यांना रात्रपाळी अजिबात झेपली नाही ते काम सोडून गेलेले असतात, नाहीतर डॉक्टरची चिठ्ठी आणून कायमचे दिवसपाळीत गेलेले. चाचणीला बसतात ते टिकलेले. म्हणून नोकरीची वर्षं विचारायची, आणि गेल्या वर्षभरात किती जणांनी पाळी बदलून घेतली तो आकडा हजेरीपटावरून मिळतो का पाहायचं. मिळाला नाही, तर रात्रपाळीचा परिणाम प्रत्यक्षाहून कमी दिसला असण्याची शक्यता अहवालात लिहावी लागते.