पडद्याबाहेरचे चित्र आणि दमलेले डोळे

प्रौढांच्या चित्रपटांनी उचलून धरलेले तंत्र घरोघर पोहोचतेच, हे विधान व्हिडिओ कॅसेटच्या काळापासून इतक्या वेळा केले गेले आहे की ते तपासून पाहण्याची गरज कुणाला वाटत नाही. त्रिमितीय टीव्हीने मात्र ते खोटे ठरवले. २०१० साली हे टीव्ही बाजारात आले आणि त्याच वर्षी अमेरिकेतील हसलर कंपनीने 'अवतार'चे प्रौढांसाठीचे विडंबन त्रिमितीत काढले. या व्यवसायाला त्रिमिती नवी नव्हती. १९६९ चा 'द स्टुअर्डेसेस' चित्रपटगृहांत जोरात चालला होता. तरीही घरातला प्रयोग रुजला नाही आणि २०१७ मध्ये एलजी व सोनी यांनीही असे टीव्ही बनवणे सोडले.

महागडे टीव्ही आणि चष्म्याची कटकट ही कारणे खरीच आहेत, पण अधिक मूलभूत कारण आपल्या डोळ्यांत आहे. बोट नाकाजवळ आणत त्याकडे पाहिले, तर दोन्ही बुबुळे आत वळतात आणि त्याच वेळी डोळ्यातले भिंग अधिक फुगीर होते. या दोन क्रिया मेंदूने एकमेकींशी जखडलेल्या असतात. प्रत्येक डोळ्याला वेगळे चित्र दाखवणारा त्रिमितीय टीव्ही त्यांची फारकत करतो, कारण प्रकाश पडद्यावरूनच येत असल्यामुळे भिंगाला तिथेच रोखून राहावे लागते, तर बुबुळांना पुढे तरंगणाऱ्या आकृतीसाठी वळावे लागते. टीव्ही अडीच मीटरवर असेल, तर भिंगाची गरज ०.४ डायॉप्टर असते (डायॉप्टर हे भिंगाच्या ताकदीचे एकक, १ ला मीटरमधल्या अंतराने भागून येणारे). पण आकृती अर्ध्या मीटरवर भासवली, तर बुबुळे २ डायॉप्टरच्या हिशेबाने वळतात. साधारण अर्ध्या डायॉप्टरपलीकडची तफावत डोळ्यांना जाचते, आणि इथे ती १.६ आहे. डोळ्यांमधले अंतर साडेसहा सेंटिमीटर धरले, तर या आकृतीसाठी डाव्या-उजव्या डोळ्यांची चित्रे पडद्यावर एकमेकांपासून २६ सेंटिमीटर दूर ठेवावी लागतात, म्हणजे ४६ इंची टीव्हीच्या रुंदीचा पाव भाग.

प्रौढांच्या चित्रपटाची सारी भिस्त जवळून घेतलेल्या दृश्यांवर असते आणि कॅमेऱ्याची दोन भिंगे डोळ्यांइतक्या अंतरावर ठेवून जवळचे शरीर टिपले की ही तफावत आपोआप वाढते. शिवाय पडद्याच्या पुढे आलेला हात पडद्याच्याच कडेने कापला गेला, तर मेंदूला तो पुढे असल्याचे पटत नाही. अशा टीव्हीने डोळे कायमचे बिघडतात ही आवई मात्र निराधार आहे. त्रास थकव्याचा आणि डोकेदुखीचा असतो. कॅमेऱ्याची भिंगे एकमेकांजवळ आणून तो कमी करता येतो, पण मग चित्राची खोलीही तितकीच कमी होते.