कादंबरीतल्या वायुधर्माची कॉपीराइट नोंदणी : कोणी, कशाची आणि कशी करायची

समजा, तुम्ही एक जग उभं केलंय. तिथली डोंगरातली माणसं वाऱ्याला देव मानतात. त्यांच्या देवळाला भिंती नाहीत, नुसते खांब. मूर्ती नाही, टांगलेल्या शिंपल्यांची किणकिण हीच आरती. पहाटेच्या मतलई वाऱ्याला एक मंत्र, दुपारच्या खाऱ्या वाऱ्याला दुसरा. वारा पडला की गावाला सुतक. हे सगळं वह्यांमध्ये लिहून झालं, आता कादंबरी प्रकाशकाकडे पाठवायची आहे, आणि पोटात गोळा आलाय : कुणी उचललं तर?

आधी एक गोष्ट मनाशी पक्की करा. कॉपीराइट मिळण्यासाठी नोंदणी लागत नाही. तुम्ही ते लिहिलंत त्याच क्षणी कॉपीराइट कायदा 1957 नुसार हक्क तुमचा झाला. नोंदणी ऐच्छिक आहे, तरी मी ती करायला सांगेन. कलम 48 प्रमाणे कॉपीराइटच्या नोंदवहीतली नोंद न्यायालयात प्रथमदर्शनी पुरावा धरली जाते. उद्या वाद झालाच, तर ‘हे माझं आहे’ हे पहिल्यापासून सिद्ध करत बसावं लागत नाही. स्वतःच्याच पत्त्यावर रजिस्टर्ड पोस्टाने हस्तलिखित पाठवून पाकीट बंद ठेवायचा सल्ला अजून दिला जातो. तो नोंदणीला पर्याय नाही.

नक्की काय तुमचं होतं?

सगळ्यात जास्त गैरसमज इथेच आहेत. ‘वाऱ्याची पूजा करणारा धर्म’ ही कल्पना कुणाच्याच नावावर होत नाही. ऋग्वेदात वायू आणि मरुतांची सूक्तं आहेत, आपल्या गावागावातला मारुती वायुपुत्र आहे, ग्रीकांकडे उत्तरवाऱ्याचा देव बोरेअस आहे, जपानमध्ये वाऱ्याची पोतडी खांद्यावर घेतलेला फूजिन आहे. ही सामायिक ठेव आहे. सर्वोच्च न्यायालयाने 1978 मध्ये आर. जी. आनंद विरुद्ध डिलक्स फिल्म्स या खटल्यात हे स्पष्ट केलं : कल्पना, विषय, कथासूत्र यांवर कॉपीराइट नसतो, ती कल्पना ज्या रूपात मांडली, त्या मांडणीवर असतो.

म्हणजे वारा पडल्यावर सुतक पाळणारी माणसं दुसऱ्या लेखकालाही सुचू शकतात, आणि तो ती लिहू शकतो. पण तुमच्या मंत्रांचे शब्द, उत्पत्तिकथेचा मजकूर, विधींचं तुम्ही केलेलं वर्णन जर त्याने उचललं, किंवा दोन्ही वाचणाऱ्याला ‘ही तर नक्कल’ असंच वाटावं इतकं घेतलं, तर ते उल्लंघन. म्हणून ‘वायुधर्माची संकल्पना’ असं दीड पानाचं टिपण नोंदवू नका. त्यातून हाती फारसं काही लागत नाही. मंत्र पूर्ण लिहा, सणांचं वर्णन करा, कथा सांगा. जितकं शब्दांत उतरेल तितकंच राखता येतं.

धर्माच्या नावाचं काय? नुसत्या नावाला किंवा शीर्षकाला कॉपीराइट मिळत नाही. चित्रपटाच्या शीर्षकाबाबत सर्वोच्च न्यायालयाने 2015 मध्ये हेच सांगितलं. त्या नावाने खेळ किंवा टी-शर्ट विकायचे असतील तर ट्रेडमार्कचा अर्ज वेगळा.

अर्ज किती करायचे?

प्रत्येक कृतीला स्वतंत्र अर्ज. मजकूर ही साहित्यकृती. त्या जगाचा नकाशा ही कलाकृती, कारण कायद्याच्या व्याख्येत नकाशा चित्रांमध्ये मोडतो. मंत्राला चाल लावली असेल तर ती संगीतकृती, आणि गंमत म्हणजे तिच्यात शब्द येत नाहीत, ते साहित्यातच राहतात. या तिन्हींना प्रत्येकी 500 रुपये शुल्क आहे आणि ते परत मिळत नाही. माझं मत विचाराल तर कादंबरी, पोथीचा भाग, शब्दसूची असं सगळं एकाच हस्तलिखितात बांधा आणि एकच अर्ज करा. नकाशा वेगळा छापणार असाल तरच त्याचा दुसरा.

पात्रता

लेखक स्वतः, किंवा ज्याला लेखी हक्क दिलेत तो, किंवा वारस अर्ज करू शकतो. अप्रकाशित लेखनाला लिहिताना लेखक भारतीय नागरिक असावा किंवा त्याचं कायमचं वास्तव्य भारतात असावं. दुबईत नोकरी करणारा भारतीय नागरिक यात बसतो. नकाशा मित्राकडून काढून घेतला असेल तर ‘पैसे दिले, माझा झाला’ असं गृहीत धरू नका. कलम 19 नुसार हस्तांतरण लेखी हवं. त्यात मुदत लिहिली नाही तर ती 5 वर्षं धरतात, आणि प्रदेश लिहिला नाही तर फक्त भारत.

कागदपत्रं

अर्ज नमुना 14 मध्ये असतो, सोबत तपशिलाची दोन विवरणपत्रं. कृतीची प्रत, अर्जदाराची सही, शुल्क. अर्जदार लेखक नसेल तर लेखकाचं ना हरकत पत्र, पुस्तक दुसऱ्या कुणी छापलं असेल तर प्रकाशकाचं, वकिलामार्फत अर्ज असेल तर सही केलेलं मुखत्यारपत्र.

दुसऱ्या विवरणपत्रात कृती स्वतंत्र आहे, भाषांतर आहे की रूपांतर, हे विचारतात. इथे प्रामाणिक राहा. तुमच्या मंत्रात वेदातली मूळ ऋचा घेतली असेल तर अडचण नाही. पण अलीकडच्या कुणा अभ्यासकाचा मराठी अनुवाद जसाच्या तसा घेतला असेल, तर त्यावर त्याचा हक्क हयातभर आणि मृत्यूनंतर 60 वर्षं असतो. परवानगी घ्या, नाहीतर ऋचा स्वतः मराठीत आणा. दुसरंच चांगलं, मंत्र तुमच्या धर्माच्या बोलीत येईल.

पुढे काय होतं?

कॉपीराइट कार्यालयाच्या संकेतस्थळावर खातं उघडून अर्ज भरता येतो. शुल्क भरलं की डायरी क्रमांक मिळतो, तो जपून ठेवा. सहलेखक किंवा हक्क सांगणारं कुणी असेल तर त्यांना अर्जाची सूचना तुम्हीच द्यायची असते. मग 30 दिवस थांबायचं, या काळात कुणीही हरकत घेऊ शकतो. हरकत आली तर दोन्ही बाजूंची सुनावणी. नाही आली तर परीक्षक अर्ज तपासतो, काही चुकलं असेल तर त्रुटीपत्र येतं. त्याला मुदतीत उत्तर द्या. बरेचसे अर्ज फक्त पत्र न वाचल्यामुळे रखडतात, म्हणून अर्जात रोज बघता तोच ईमेल द्या.

अप्रकाशित म्हणून नोंदवलेली कादंबरी पुढे छापून आली, तर नोंदीतला तपशील बदलायला नमुना 15 आहे. आणि वाचकांनी तुमच्या वायुधर्मात आपापल्या गोष्टी लिहाव्यात असं वाटत असेल, तर त्यांना लेखी परवाना देता येतो, किंवा कलम 21 नुसार कॉपीराइट कार्यालयाच्या निबंधकाला (रजिस्ट्रारला) सूचना देऊन काही हक्क सोडताही येतात. कोणते सोडायचे आणि कोणते ठेवायचे ते त्या सूचनेत स्पष्ट लिहा.