मा (एकाक्षरी शब्द)

मा : ओठ मिटून उच्चारला जाणारा 'म्' आणि तोंड उघडून उच्चारला जाणारा 'आ' यांनी बनलेले अक्षर. एकमेकांशी काहीही नाते नसलेल्या अनेक भाषांत ते स्वतंत्र शब्द म्हणून वापरात आहे. संस्कृतात 'मा' म्हणजे नको, आणि लक्ष्मीसुद्धा. अरबीत त्याचा अर्थ काय, जे किंवा नाही असा होतो, तेलुगूत आमचे, हंगेरियनमध्ये आज, इटालियनमध्ये पण, तमिळमध्ये आंबा, जपानीत दोन गोष्टींमधली मोकळी जागा. चिनी आणि व्हिएतनामी भाषांत तर सूर बदलला की अर्थ बदलतो. दोन भाषांतल्या शब्दांचा उच्चार जुळला की त्या भाषा बहिणी आहेत, असा निष्कर्ष आपल्याकडे फार लवकर काढला जातो. 'मा'चा पसारा पाहिला की तो निष्कर्ष किती कच्चा असतो हे कळते.

हे अक्षर इतक्या ठिकाणी का सापडते? एखाद्या भाषेत वीस व्यंजने आणि पाच स्वर धरले, तर साधी अक्षरे शंभरच होतात. भाषा मात्र हजारो आहेत. त्यामुळे एकाच अक्षराला निरनिराळे अर्थ चिकटणारच, आणि क्वचित अर्थही जुळणार. त्यात 'मा' उच्चारायला सर्वांत सोपे. तान्हे मूल अंगावर पीत असताना त्याचे ओठ मिटलेले असतात आणि आवाज फक्त नाकातून निघू शकतो. हाच हुंकार पुढे भूक लागली की ते काढते, आणि मोठी माणसे त्याला आई किंवा अन्न असा अर्थ देतात. भाषाशास्त्रज्ञ रोमान याकोबसन यांनी १९६० साली प्रसिद्ध झालेल्या लेखात हे स्पष्टीकरण मांडले. त्याला आधार होता मानवशास्त्रज्ञ जॉर्ज मर्डॉक यांनी जगभरातून गोळा केलेल्या आई-वडिलांसाठीच्या हजाराहून अधिक शब्दांचा. मराठी घरात बाळाचे जेवण म्हणजे 'मंमं'. जपानी घरातही बाळाच्या खाण्याला 'मम्मा' म्हणतात. दोघांनी एकमेकांकडून काही घेतलेले नाही. उलट उदाहरणही लक्षात ठेवावे असे आहे : जॉर्जियन भाषेत 'मामा' म्हणजे वडील, आणि आई म्हणजे 'देदा'. आपल्याकडे मामा आईचा भाऊ.

संस्कृत आणि मराठीत

संस्कृतातील निषेधार्थी 'मा' हे साधे 'न' नव्हे. 'न' वस्तुस्थिती नाकारतो, 'मा' कृतीला अडवतो. मराठीत 'नाही' आणि 'नको' यांत आहे तोच हा भेद. या 'मा'बरोबर क्रियापदाचे एक विशिष्ट रूप यावे लागते. पाणिनीने 'माङि लुङ्' या सूत्राने त्यासाठी लुङ् लकार, म्हणजे भूतकाळाचे एक रूप, सांगितला आणि 'न माङ्योगे' या सूत्राने त्या रूपाच्या आरंभीचा 'अ' गाळायला लावला. म्हणून गीतेच्या अठराव्या अध्यायात 'मा शुचः' (शोक करू नकोस) असे आहे, 'मा अशुचः' असे नाही.

याच नियमाला धक्का देणारी ओळ वाल्मीकीच्या तोंडी आहे आणि ती रामायणातील सर्वांत प्रसिद्ध ओळ आहे : 'मा निषाद प्रतिष्ठां त्वमगमः शाश्वतीः समाः'. क्रौंच पक्ष्याला मारणाऱ्या व्याधाला हा शाप : निषादा, तुला कधीही प्रतिष्ठा लाभू नये. नियमाप्रमाणे इथे 'गमः' हवे, 'अगमः' नको. असा प्रयोग ऋषींच्या तोंडी म्हणून 'आर्ष' मानला जातो. टीकाकार मात्र आणखी पुढे गेले. महाकाव्याची सुरुवात शापाने कशी व्हावी, असा त्यांना प्रश्न पडला. त्यांनी 'मा' आणि 'निषाद' हे शब्द जोडून 'मानिषाद' असा एकच शब्द वाचला. मा म्हणजे लक्ष्मी, तिचे निवासस्थान ते मानिषाद, म्हणजे विष्णू. शाप क्षणात मंगलाचरण झाला. एका अक्षराचे दोन अर्थ कवितेचा सगळा रोख कसा फिरवू शकतात याचे याहून सुंदर उदाहरण माझ्या माहितीत नाही. 'माधव' या नावातही हीच लक्ष्मी आहे : मा हिचा धव, म्हणजे पती. याखेरीज संस्कृतात 'मा' हा धातूही आहे, त्याचा अर्थ मोजणे. मात्रा, मान, परिमाण, निर्माण हे शब्द त्यातून आले.

मराठीत आईसाठी 'माय' आहे, नुसते 'मा' नाही. ज्ञानेश्वरीच्या मराठीत मात्र 'मा' हे अव्यय 'मग', 'तर', 'ना' अशा अर्थच्छटांनी येते. मालवणीत आजही 'बरो आसस मां?' असे विचारतात. लिखित मराठीत त्याचा वेगळाच संसार आहे. निमंत्रणपत्रिकेवर 'मा.' म्हणजे माननीय, आणि जुन्या नाटक-सिनेमाच्या जाहिरातीत 'मा. दीनानाथ', 'मा. विनायक' म्हणजे मास्टर.

तीन नकार

संस्कृतातील 'मा'चे खरे सख्खे भाऊ पश्चिमेला सापडतात. प्राचीन ग्रीकमधील 'मे' आणि आर्मेनियनमधील 'मी' हे निषेधार्थी शब्द त्याच मुळाचे. सर्वांत जवळचा भाऊ प्राचीन फारसीतला. इराणमध्ये पर्सेपोलिसजवळ नक्श-ए-रुस्तम येथे सम्राट पहिल्या दारयवहूची (दरायसची) कबर डोंगराच्या कड्यात कोरलेली आहे. इसवी सनापूर्वी ४८६ मध्ये तो वारला. कबरीवरच्या लेखाच्या शेवटी तो वाचणाऱ्या माणसाला सांगतो : अहुरमज्दा या देवाची आज्ञा जाचक मानू नकोस, सरळ वाट सोडू नकोस, बंड करू नकोस. तिन्ही ठिकाणी नकारासाठी शब्द आहे 'मा'. वाटेसाठी 'पथिम्' आहे आणि सरळ या अर्थी 'रास्ताम्'. मराठी वाचकाला पंथ, रास्त आणि रस्ता हे शब्द तिथे कोरलेले दिसावेत, इतके हे नाते उघड आहे.

अरबीतही 'मा' म्हणजे नाही, पण त्याचा या घराण्याशी संबंध नाही. आखाती देशांत नोकरी केलेल्या रत्नागिरी-रायगडच्या माणसाला 'मा फी' नक्की माहीत असते. दुकानात माल नसला, साहेब जागेवर नसला, पगार अजून झाला नसला, तरी उत्तर एकच : मा फी. 'फी' म्हणजे आत, आणि दोन्ही मिळून 'नाही आहे'. नवख्या माणसाला ती आपली 'माफी' वाटते.

तिसरा नकार तुर्की. तिथे 'मा' स्वतंत्र शब्द नसून क्रियापदाच्या पोटात बसणारा प्रत्यय आहे आणि आधीच्या स्वरानुसार त्याचा 'मे' होतो. 'गेल' म्हणजे ये, 'गेल्मे' म्हणजे येऊ नकोस. गंमत अशी की, क्रियापदापासून नाम करणारा प्रत्ययही तुर्कीत 'मा'च आहे. 'ओकुमा' या शब्दात जोर 'कु'वर दिला तर 'वाचू नकोस', शेवटच्या 'मा'वर दिला तर 'वाचन'. नाम करणारा हा 'मा' फारसी-उर्दूमार्गे आपल्या ताटापर्यंत आला आहे : भाजणे-परतणे या अर्थाच्या क्रियापदापासून झालेले तुर्की 'कावुर्मा' म्हणजे आपला कुर्मा.

तीन वेगळी भाषाकुळे, एकच अक्षर, एकच अर्थ, आणि तरी संस्कृत, अरबी व तुर्की या तिघांत नाते सिद्ध होत नाही. नाते ठरवायला एक शब्द पुरत नाही. शेकडो शब्दांत ध्वनींचे नियमित अनुबंध दाखवावे लागतात. ते संस्कृत आणि प्राचीन फारसी यांच्यात दाखवता येतात, संस्कृत आणि अरबी यांच्यात नाही. समाजमाध्यमांवर फिरणाऱ्या 'सर्व भाषांची आई एकच' छापाच्या याद्या वाचताना एवढी एक कसोटी लावली, तरी त्यांतल्या बहुतेक याद्या गळून पडतात.

अरबी 'मा'चा दुसरा अर्थ 'काय' किंवा 'जे'. 'माशाल्ला' म्हणजे अल्लाने जे इच्छिले ते. 'काय माजरा आहे?' असे आपण विचारतो, त्यातला 'माजरा' मूळचा 'मा जरा' आहे, म्हणजे जे घडले ते. अरबीची भाषाभगिनी हिब्रू. तिच्यातही 'मा' म्हणजे काय, आणि इथले नाते खरे आहे. वल्हांडण या सणाच्या रात्री ज्यू घरांत सर्वांत धाकटे मूल 'मा निश्तना' या शब्दांनी सुरू होणारा प्रश्न विचारते : आजची रात्र इतर रात्रींहून वेगळी कशाने? कोकणातल्या बेने इस्राएल या ज्यू समाजाने या रात्रीचा विधिग्रंथ हिब्रू आणि मराठीत छापला. त्याची पुण्यात १८७४ साली निघालेली सचित्र आवृत्ती प्रसिद्ध आहे.

सुरांचे 'मा'

प्रमाण चिनी भाषेत चार सूर आहेत. उंच सपाट सुरात 'मा' म्हणजे आई, चढत्या सुरात भांगेचे झाड आणि त्याचा धागा, खाली जाऊन वर येणाऱ्या सुरात घोडा, आणि तुटक उतरत्या सुरात शिव्या देणे. चिनी शिकणाऱ्याला पहिल्या आठवड्यातच एक वाक्य घोकावे लागते : आई घोड्यावर बसते, घोडा हळू चालतो, आई घोड्याला शिव्या देते. लिपीत हे नाते डोळ्यांना दिसते. आईच्या चिन्हात डावीकडे स्त्री आणि उजवीकडे घोडा असतो. आईचा घोड्याशी काही संबंध नाही. घोडा तिथे फक्त उच्चार सांगायला उभा आहे. शिवीच्या चिन्हातही तो आहे.

वाक्याच्या शेवटी बिनसुराचा 'मा' लावला की प्रश्न होतो : 'नी हाव मा?' म्हणजे बरा आहेस का? हा 'मा' वाक्याअखेर येणाऱ्या जुन्या नकारवाचक शब्दापासून आला, असे अभ्यासक मानतात. नकारापासून प्रश्नाकडे जाण्याची ही वाट मराठीलाही परकी नाही. 'येतोस ना?' मधला 'ना' मुळात नकारच आहे. उच्चाराच्या साम्यापेक्षा मनाच्या चालीचे हे साम्य मला जास्त मोलाचे वाटते.

व्हिएतनामी भाषेत सूर सहा. नुसता 'मा' म्हणजे भूत. सूर बदलत गेले की गाल (दक्षिणेत आईसुद्धा), 'पण', थडगे, घोडा आणि भाताचे रोप. हे रोप म्हणजे कोकणात ज्याला तरवा म्हणतात ते, लावणीसाठी उपटलेले. व्हिएतनामी आता रोमन लिपीत लिहितात आणि प्रत्येक सुराला स्वरावर किंवा स्वराखाली वेगळी खूण असते. या लिपीला रूप देणाऱ्या आलेक्सांद्र द रोद या जेझुइट धर्मोपदेशकाचा कोश १६५१ साली रोममध्ये छापला गेला.

यांतला 'भूत' अर्थाचा 'मा' मात्र योगायोग नव्हे, तो प्रवासी आहे, आणि निघाला आपल्याकडून. त्याचे मूळ म्हणजे बुद्धाला बोधिवृक्षाखाली भुलवायला व घाबरवायला आलेला मार, 'मृ' म्हणजे मरणे या धातूपासून झालेला शब्द. अजिंठ्याच्या पहिल्या लेण्यात मारविजयाचे चित्र आहे आणि सव्विसाव्या लेण्यात शिल्प. बौद्ध ग्रंथ चीनमध्ये गेले तेव्हा 'मार' लिहायला चिन्ह नव्हते, म्हणून एक नवे घडवले गेले : वर भांगेच्या झाडाचे 'मा', ते उच्चारासाठी, खाली भूत, ते अर्थासाठी. चिनीत त्याचा उच्चार आज 'मो' झाला आहे, पण जपानी आणि व्हिएतनामी भाषांत तो 'मा' राहिला. जपानीत सैतानी, जादूई गोष्टींच्या अनेक शब्दांत तो येतो.

जपानी 'मा'

जपानीत त्याहून महत्त्वाचा दुसरा 'मा' आहे : दोन वस्तूंमधली मोकळी जागा किंवा दोन क्षणांमधली उसंत. त्याच्या चिन्हात दरवाजाच्या दोन फळ्या असतात आणि त्यांच्या फटीत सूर्य. जुन्या रूपात चंद्र होता. घरातली बसायची खोली म्हणजे 'इमा', फट म्हणजे 'सुकिमा', वेळेत पोहोचणे म्हणजे 'मा'ला जुळणे. ज्याचा 'मा' हरवला तो 'मानुके', म्हणजे मूर्ख. गोष्ट सांगणारा कलावंत विनोदाआधी किती थांबतो यावर त्याची पारख होते, आणि त्या थांबण्यालाही 'मा'च म्हणतात. वास्तुरचनाकार अराता इसोझाकी यांनी १९७८ साली पॅरिसमध्ये या एकाच कल्पनेवर प्रदर्शन मांडले, तेव्हापासून हा शब्द जपानबाहेर वास्तुकलेच्या वर्गांत पोहोचला.

दक्षिणेत आणि युरोपात

तमिळमध्ये 'मा' म्हणजे आंबा, पीठ, जनावर, आणि जुन्या हिशेबात एक विसांश. 'मा'ला 'काय', म्हणजे कच्चे फळ, जोडून 'मांगाय' झाले. मल्याळममधल्या 'माङ्ङा' या रूपावरून पोर्तुगीजांनी 'मांगा' घेतले आणि तेच पुढे इंग्रजीत 'मँगो' झाले. गार्सिया द ओर्ता या वैद्याचा १५६३ साली गोव्यात छापलेला वनस्पती व औषधींवरचा ग्रंथ पोर्तुगीजमध्ये आहे, त्यातही आंबा 'मांगा' म्हणूनच येतो. गोव्यात आणि महाराष्ट्रात मात्र फळाचे नाव संस्कृत 'आम्र'वरूनच राहिले.

तेलुगूत 'मा' म्हणजे आमचे, ऐकणाऱ्याला वगळून. त्याला धरून आपले म्हणायचे तर 'मन'. आमचे आणि आपले हा भेद मराठी इतक्या सहजपणे पाळते, याचे श्रेय अनेक अभ्यासक द्राविडी शेजाराला देतात. हिंदीच्या 'हमारा'त तो सापडत नाही.

युरोपातले 'मा' थोडक्यात सांगता येतात. एस्टोनियनमध्ये मी, तिथे आणि फिनिशमध्ये तोच लांबवला की जमीन, देश. इटालियन 'मा' लॅटिन 'मागिस' म्हणजे 'अधिक' या शब्दापासून आला, आणि फ्रेंच 'मा', अर्थ माझी, लॅटिन 'मेआ'पासून. एकाच आईच्या दोन मुलींतसुद्धा सारखा दिसणारा शब्द वेगवेगळ्या मुळांचा निघतो. फ्रेंच 'मा' मराठीत रोज बोलला जातो : 'मा दाम' म्हणजे माझी बाई, त्याचे इंग्रजीमार्गे 'मॅडम' झाले, आणि शाळेतल्या बाईंना आता 'मॅडम' म्हणतात.