'भारत एक खोज'च्या आधीचे वनराज भाटिया

'भारत एक खोज'चं टायटल म्युझिक आठवतंय ना? ऋग्वेदातलं नासदीय सूक्त, आधी संस्कृत आणि मग वसंत देवांचं हिंदी, आणि तो कोरस असा एकावर एक चढत जातो की आजही लागलं की अंगावर काटा येतो. 1988 ला दूरदर्शनवर आलेली दिग्दर्शक श्याम बेनेगलांची ही 53 भागांची मालिका, संगीत वनराज भाटियांचं. पण हे संगीत काही एकदम सुचलेलं नाही, त्याच्या मागे तीसेक वर्षांचं काम आहे आणि ते फार कमी लोकांना माहितीये.

भाटिया मुंबईचे, जन्म 1927 चा. एल्फिन्स्टन कॉलेज करून लंडनच्या रॉयल अकॅडमी ऑफ म्युझिकमध्ये गेले, मग पॅरिसमध्ये नादिया बुलांजे बाईंकडे शिकले, म्हणजे अमेरिकन संगीतकार फिलिप ग्लास ज्यांच्याकडे शिकला त्याच बाई. 1959 ला परत आले, पण इथे पाश्चात्त्य पद्धतीने लिहिणाऱ्या संगीतकाराला काम कोण देणार? काम दिलं जाहिरातींनी. शक्ती सिल्क साडीपासून सुरुवात झाली आणि पुढे 7000 च्या वर जिंगल्स केल्या! मला वाटतं त्यांची खरी तालीम तिथेच झाली, कारण जिंगलमध्ये काही सेकंदांत मूड उभा करायचा आणि निवेदकाचा आवाज आला की बाजूला व्हायचं, डॉक्युमेंटरीला आणि मालिकेला नेमकं हेच तर लागतं, बोलणं चालू असताना खालून धरून ठेवायचं आणि बोलणं थांबलं की पुढे यायचं.

मधे पाच वर्षं दिल्ली विद्यापीठात शिकवलं. मग 1974 ला बेनेगलांचा 'अंकुर' हा सिनेमा, तिथून बेनेगलांशी जोडी जमली ती जमलीच. 'मंथन', आणि आपल्या हंसा वाडकरांच्या 'सांगत्ये ऐका' या आत्मचरित्रावरचा 'भूमिका', यांचं संगीत पण भाटियांचंच.

टीव्हीवर त्यांचं सगळ्यात जबरदस्त काम मात्र मी गोविंद निहलानींच्या फाळणीवरच्या 'तमस'ला म्हणेन. सुरुवातीचा तो 'रब्बा'चा आर्त पुकारा... फाळणीबद्दल एक शब्द न सांगता सगळं कळतं. त्यासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, पद्मश्री यायला मात्र 2012 उजाडलं. 7 मे 2021 ला मुंबईतच गेले, 93 वर्षांचे होते. म्हातारपणी गिरीश कर्नाडांच्या 'अग्नी मत्तू मळे' या कन्नड नाटकावर ऑपेरा लिहायला घेतला होता.