लूप मूत्रल औषधे

लूप मूत्रल औषधे मूत्रपिंडावाटे मीठ आणि त्यामागोमाग पाणी शरीराबाहेर घालवतात. फ्युरोसेमाइड आणि टॉर्सेमाइड ही त्यांतली नेहमीची नावे. नागपुरात मेडिकल किंवा मेयो या सरकारी रुग्णालयांच्या ओपीडीतले पेशंट मात्र सरळ 'लघवीची गोळी' किंवा 'पाण्याची गोळी' म्हणतात. हृदय, यकृत किंवा मूत्रपिंडाच्या आजारात पायांवर, पोटात, फुप्फुसांत पाणी साठले की ती सुरू होते.

'पाण्याची गोळी' हे नाव थोडे फसवे आहे, कारण गोळीचा सगळा कारभार मिठाशी चालतो. दोन्ही मूत्रपिंडे दिवसाला सुमारे १८० लिटर द्रव गाळतात आणि जवळपास सगळा परत घेतात. या वाटेवर केसांच्या आकड्यासारखा एक वळसा आहे. जर्मन शरीररचनातज्ज्ञ याकोब हेन्ले यांनी १८६२ मध्ये त्याचे वर्णन केले, म्हणून तो हेन्लेचा लूप. त्याच्या चढत्या जाड भागात गाळलेल्या सोडियमपैकी सुमारे २५ टक्के परत घेतले जाते. तिथले वाहक प्रथिन एका खेपेला एक सोडियम, एक पोटॅशियम आणि दोन क्लोराइड आत नेते. औषध ही खेपच बंद पाडते. मीठ नळीत राहते, पाणी त्याच्यासोबत जाते.

औषधाला नळीच्या आतून काम करावे लागते आणि तिथे ते मूत्रपिंडाच्याच पेशींनी पोहोचवावे लागते. म्हणून मूत्रपिंड कमजोर असेल तर डोस मोठा लागतो. शिवाय या औषधाला उंबरठा आहे: ठरावीक मात्रेखाली लघवी फारशी वाढतच नाही. मनाने अर्धी केलेली गोळी अर्धे काम करेल असे नाही. कदाचित काहीच करणार नाही. पोटातून फ्युरोसेमाइड सरासरी निम्मेच रक्तात उतरते, तेही माणसागणिक कमीजास्त. टॉर्सेमाइड ८० टक्क्यांहून जास्त उतरते. तरी २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ट्रान्सफॉर्म-एचएफ चाचणीत हार्ट फेल्युअरच्या (हृदय कमजोर पडलेल्या) रुग्णांच्या मृत्यूदरात दोन्हींत फरक दिसला नाही.

फ्युरोसेमाइडची गोळी तासाभरात लागू होते आणि सहाएक तास चालते. संध्याकाळी घेतली तर रात्रभर उठबस, आणि म्हाताऱ्या माणसाचे अंधारात पडणे. रामटेकला एसटीने जायचे म्हणून सकाळची गोळी गाळणारे पुष्कळ असतात. गाळण्यापेक्षा ती परतल्यावर दुपारी घेता येईल का, हे डॉक्टरांना आधीच विचारून ठेवावे.

घरातला सर्वांत उपयोगी तपास म्हणजे वजनकाटा. सकाळी लघवी करून, चहाच्या आधी, रोज त्याच काट्यावर. तीन दिवसांत दोन किलो वाढले, नडगीवर अंगठा दाबल्यावर खळगा राहू लागला किंवा आडवे पडल्यावर दम लागला, तर डॉक्टरांना कळवायचे. सावजी रस्सा, लोणचे आणि पापड सुटले नाहीत तर गोळीची अर्धी मेहनत वाया जाते.

उलट धोका मे महिन्यात. पारा ४५ अंशांवर, कूलरसमोरही घाम, आणि हिवाळ्यात ठरलेला डोस तसाच चालू. मग उठताना डोळ्यांपुढे अंधारी येते, तोंड कोरडे पडते, लघवी कमी होते, रक्तातले क्रिएटिनिन (मूत्रपिंडावर ताण आल्याची खूण) वाढते. नवतप्यात जुलाब-उलट्या लागल्या तर त्याच दिवशी फोन करून डोस विचारावा. हृदयाच्या रुग्णाला 'भरपूर पाणी प्या' हा सरसकट सल्लाही लागू नाही. किती प्यायचे ते डॉक्टर ठरवतात.

गोळीबरोबर पोटॅशियम आणि मॅग्नेशियमही जाते. पायात गोळे येतात, हृदयाची लय बिघडू शकते, आणि डिगॉक्सिन हे हृदयाचे औषध चालू असेल तर जास्तच. यावर नागपूरचा घरगुती उपाय ठरलेला: संत्री खा. पण खरी घट दोन संत्र्यांनी भरून निघेलच असे नाही. आणि सोबत स्पायरोनोलॅक्टोन ही पोटॅशियम राखून ठेवणारी गोळी असेल किंवा मूत्रपिंड कमजोर असेल, तर पोटॅशियम वाढण्याचाच धोका असतो. मग शहाळे किंवा 'कमी सोडियमचे' मीठही, त्यांतल्या पोटॅशियममुळे, महागात पडते. रक्ततपासणीशिवाय हे कळत नाही. युरिक अॅसिड वाढून गाऊट हा सांधेदुखीचा आजारही उचल खातो.

गुडघ्यासाठी मेडिकल स्टोअरमधून परस्पर आणलेली डायक्लोफेनॅक किंवा आयबुप्रोफेन ही दुखण्याची गोळी लघवीच्या गोळीचा असर कमी करते आणि मूत्रपिंडाला इजा करू शकते. शिरेतून मोठा डोस भराभर दिला, किंवा सोबत जेंटामायसिन, अमिकासिन यांसारखे अँटिबायोटिक असले, तर कानात गुणगुण सुरू होऊन ऐकू कमी येऊ शकते. म्हणून ते इंजेक्शन सावकाश देतात.