डोक्यावरून गेले, कानावर आले

बाहेरचा गोंगाट नकोसा झाला की आपण कानाच्या भोकासमोरचा कूर्चेचा इवलासा उंचवटा बोटानं आत दाबतो आणि कान बंद करून घेतो. शरीरशास्त्रात या उंचवट्याला ‘ट्रॅगस’ म्हणतात. शब्द मूळचा ग्रीक. ‘ट्रॅगोस’ म्हणजे बोकड. उतारवयात पुरुषांच्या या उंचवट्यावर जो केसांचा झुपका येतो, तो बोकडाच्या दाढीसारखा दिसतो म्हणून हे नाव. प्राचीन ग्रीकांनी कानावरच्या केसांना शब्दशः नावं ठेवली होती, तेव्हा आरशात पहिला झुपका दिसल्यावर आपलंच काही बिघडलं असं कुणी वाटून घ्यायला नको.

प्रश्न मात्र रास्त आहे. चाळिशी-पन्नाशी उलटली की जिथे केस हवेत तिथून ते निघून जातात आणि जिथे कुणी बोलावलं नव्हतं तिथे हजर होतात, असं का? डोक्यावरचे केस मुक्काम हलवून कानावर आले, असं गमतीनं म्हटलं जातं. तसं काही नसतं. माणसाच्या अंगावर सुमारे 50 लाख केशमुळं असतात आणि ती सगळी आईच्या पोटातच तयार झालेली असतात. जन्मानंतर नवी भर पडत नाही. म्हणजे आज कानावर जिथे ताठ, काळा किंवा पांढरा केस उभा आहे, तिथे त्याचं मूळ तान्हेपणापासून होतंच. इतकी वर्षं ते काय करत होतं?

ते लव उगवत होतं. तळहात, तळपाय, ओठ अशा थोड्या जागा सोडल्या तर आपलं सगळं अंग लवेनं झाकलेलं असतं. हे केस एक-दोन मिलिमीटर लांबीचे, अतिशय बारीक आणि जवळजवळ रंगहीन असतात, म्हणून ते दिसत नाहीत. डोक्याचे, भुवयांचे, दाढीचे केस त्या मानानं जाड, लांब आणि रंगीत. यांना आपण राठ केस म्हणू. मूळ तेच राहून त्यातून येणारा केस लवेचा राठ होऊ शकतो. मुलाला मिसरूड फुटतं तेव्हा हेच घडतं. ओठावर नवी मुळं रुजत नाहीत, जुन्या मुळांना नवा हुकूम मिळतो.

हुकूम देणारी असतात अँड्रोजेन गटातली संप्रेरकं, मुख्यतः टेस्टोस्टेरॉन. त्वचेतलं एक विकर (एन्झाइम) टेस्टोस्टेरॉनचं रूपांतर त्याहून प्रभावी अशा डायहायड्रोटेस्टोस्टेरॉनमध्ये, थोडक्यात डीएचटीमध्ये करतं. डीएचटी केशमुळाच्या तळाशी असलेल्या पेशींना जाऊन भिडतं आणि मूळ मोठं होऊ लागतं. दाढी, मिशी, छातीवरचे केस यांची कथा एवढीच. पण हेच डीएचटी ज्यांचा कल टकलाकडे आहे त्यांच्या टाळूवर नेमकं उलटं काम करतं. तिथली मुळं दर फेरीत आक्रसत जातात आणि राठ केसाची पुन्हा लव होते. टक्कल पडलेल्या टाळूवरही भिंगातून पाहिलं तर ही लव दिसते. मुळं बहुतेक जागच्या जागी असतात, फक्त खचलेली.

अमेरिकी शरीरशास्त्रज्ञ जेम्स हॅमिल्टन यांनी 1942 मध्ये टेस्टोस्टेरॉनचा टकलाशी असलेला संबंध दाखवला. वयात येण्याआधीच ज्यांची वृषणं गेली होती त्या पुरुषांना टक्कल पडत नव्हतं. त्यांना टेस्टोस्टेरॉन दिलं की ज्यांच्या घराण्यात टक्कल होतं, त्यांचे केस जाऊ लागायचे, बाकीच्यांचे नाही. म्हणजे संप्रेरक हवं, पण नुसत्या संप्रेरकानं भागत नाही. मुळाचा स्वभावही तसा हवा.

हा स्वभाव किती पक्का असतो ते 1959 मध्ये नॉर्मन ओरेन्ट्राइश या त्वचातज्ज्ञानं दाखवलं. त्यांनी डोक्याच्या मागच्या बाजूची मुळं काढून पुढच्या टकलावर लावली. ती तिथेही आपल्या मूळ स्वभावानंच वाढत राहिली, आजूबाजूचं टक्कल पाहून बिघडली नाहीत. केसांच्या प्रत्यारोपणाचा सगळा डोलारा आजही या एका गोष्टीवर उभा आहे. मला तर हा केसांच्या शास्त्रातला सगळ्यात सुंदर प्रयोग वाटतो. रक्त एक, संप्रेरक एक, पण प्रत्येक मूळ त्याचा अर्थ आपल्या जन्मगावच्या बोलीत लावतं. टाळूवरचं मूळ ‘आवरा’ ऐकतं, हनुवटीवरचं ‘वाढा’ ऐकतं.

कानावरचं मूळ ‘वाढा’ ऐकणाऱ्यांपैकीच, फक्त फार सावकाश ऐकणारं. दाढी पंधरा-सोळाव्या वर्षी दिसू लागते, छातीवरचे केस पुढे कित्येक वर्षं वाढत राहतात, आणि कान-नाकाचा नंबर त्यानंतर लागतो. इथे एक गैरसमज काढून टाकू. म्हातारपणी केस आले म्हणजे टेस्टोस्टेरॉन वाढलं, असं नव्हे. वयानुसार ते कमीच होत जातं. कानाच्या बाबतीत आजचा साठा किती यापेक्षा किती वर्षं तो हुकूम कानी पडत राहिला, याला महत्त्व आहे. कानामागून आली आणि तिखट झाली ही म्हण या केसांवरूनच पडली असावी, इतकी त्यांना चपखल बसते.

केस किती लांब होईल हे त्याच्या वाढीच्या काळावर ठरतं. डोक्यावरचं मूळ 2 ते 6 वर्षं सलग केस घडवतं, मग दोन-तीन आठवड्यांत आवरतं घेतं आणि सुमारे तीन महिने विश्रांती घेऊन जुना केस टाकून देतं. भुवईच्या मुळाचा वाढीचा काळ जेमतेम काही महिन्यांचा, म्हणून भुवया कापाव्या लागत नाहीत. कानावरची लव राठ होते तेव्हा केस जाड होतो तसा वाढीचा काळही लांबतो. तो किती लांबू शकतो याचं टोकाचं उदाहरण मदुराईचे निवृत्त शिक्षक अँथनी व्हिक्टर यांचं. गिनीज बुकात त्यांच्या कानावरच्या केसांची लांबी 18.1 सेंटिमीटर नोंदलेली आहे. डोक्यावरचा केस महिन्याला साधारण एक सेंटिमीटर वाढतो. त्या वेगानं धरलं तरी ही न तुटता, न गळता झालेली दीड वर्षाची वाढ.

या केसांचा उपयोग काय? कानाच्या नळीच्या तोंडाशी असलेल्या बारीक केसांचा आहे. बाहेरून पडद्यापर्यंतची नळी सुमारे अडीच सेंटिमीटर लांब असते आणि केस व मळाच्या ग्रंथी तिच्या बाहेरच्या एक-तृतीयांश भागातच असतात. केस आणि चिकट मळ मिळून धूळ, किडे-मुंग्या अडवतात. पण बाहेरच्या उंचवट्यावरच्या झुपक्याचा काही फायदा असल्याचा पुरावा नाही. निसर्गात प्रत्येक गोष्टीला कारण असतं असं आपण म्हणतो, पण हे तरुणपणी उपयोगी पडलेल्या संप्रेरकाचं उशिरा आलेलं बिल आहे. नैसर्गिक निवड मुलंबाळं होण्याच्या वयातल्या गुणदोषांवर कडक नजर ठेवते. त्यानंतर जे होतं त्याकडे ती जवळपास काणाडोळा करते.

आणखी एक भीती ऐकली आहे : कानातले केस कापले तर ऐकू कमी येईल. ऐकण्याशी संबंधित ‘केसपेशी’ कानात असतात हे खरं, पण त्या पडद्याच्याही पलीकडे, शंखासारख्या आंतरकर्णात. प्रत्येक कानात त्या साधारण 15 हजार असतात, त्यांच्यावरचे तंतू केसांसारखे दिसतात म्हणून तसं नाव पडलं. कात्री तिथवर पोचत नाही. दुर्दैव असं की मोठ्या आवाजानं ‘केसपेशी’ मेल्या तर माणसात पुन्हा उगवत नाहीत, आणि बाहेरचे मात्र कितीदा कापले तरी हजर.

आनुवंशिकतेची हकिगत मजेशीर आहे. कानाच्या कडेवर दाट केस येण्याचं प्रमाण भारतीय उपखंडात बऱ्यापैकी असल्यानं इथले पुरुष जीवशास्त्राच्या पुस्तकांत जाऊन बसले. हा गुण बापाकडून मुलाकडे, फक्त वाय गुणसूत्रातून जातो, ही कल्पना विसाव्या शतकाच्या सुरुवातीची. 1960 च्या सुमारास कृष्णा द्रोणमराजू यांनी आंध्रातल्या वंशावळी तपासून तिला बळ दिलं. पुढे कर्ट स्टर्न आणि सहकाऱ्यांनी 1964 मध्ये भारतातली आणखी माहिती मांडली. अडचण अशी की वंशावळीवरून हे ठरवणं अवघड होतं : केस उतारवयात येतात, तेव्हा मुलाला अजून आले नाहीत म्हणजे येणारच नाहीत असं कसं म्हणायचं? प्रश्नाचा निकाल 2004 मध्ये लागला. दक्षिण भारतातल्या केसाळ कानांच्या पुरुषांची वाय गुणसूत्रं तपासली तेव्हा ती एका घराण्याची निघाली नाहीत. वेगवेगळ्या वंशशाखांत विखुरलेली होती, साध्या कानांच्या पुरुषांइतकीच. गुण एकाच वायवरून आला असता तर त्या शाखा अशा विखुरल्या नसत्या. तरीही कित्येक गाइडांमध्ये ‘वाय गुणसूत्राचं उदाहरण : कानावरचे केस’ हे वाक्य अजून ठाण मांडून आहे.

हृदयविकाराशीही या केसांचं नाव जोडलं गेलं. 1973 मध्ये सँडर्स फ्रँक यांनी कानाच्या पाळीवरच्या तिरप्या घडीचा आणि हृदयाच्या धमन्यांच्या आजाराचा संबंध सुचवला, 1984 मध्ये काही डॉक्टरांनी त्यात कानातल्या केसांची भर घातली. पण घडी, केस आणि हृदयविकार तिन्ही वयाबरोबर वाढतात. ते एकत्र दिसतात म्हणून एकामुळे दुसरं होतं असं ठरत नाही. झुपका पाहून घाबरू नका, आणि झुपका नाही म्हणून रक्तदाब मोजायचाही टाळू नका.

स्त्रियांच्या कानावर राठ केस क्वचित येतात. रजोनिवृत्तीनंतर इस्ट्रोजेन हे स्त्री-संप्रेरक घटून अँड्रोजेनचा जोर तुलनेनं वाढल्यावर हनुवटीवर एखाद-दुसरा येतो तो याच तर्कानं. मात्र बाईच्या चेहऱ्यावर थोड्या काळात भराभर केस वाढू लागले, पाळी बिघडली, आवाज जाड झाला, तर संप्रेरकांची तपासणी हवी. मिनॉक्सिडिल, सायक्लोस्पोरिन, फेनिटोइन अशा औषधांनीही अंगावर केस वाढू शकतात, पुरुष असो वा स्त्री.

आता करायचं काय? काहीच न करणं हा पूर्ण वैध पर्याय आहे. केस दुखत नाहीत, रोगही नाहीत. अडचण तेव्हा होते जेव्हा नळीच्या तोंडाशी जाड केसांत मळ अडकून गोळा होतो, किंवा श्रवणयंत्र नीट बसत नाही आणि शिट्टी वाजते.

कापायचेच तर कान-नाकाचा छोटा ट्रिमर सगळ्यात बरा. त्याचं पातं जाळीआड फिरतं, त्वचेला लागत नाही. पातं धुऊन कोरडं करावं, दुसऱ्याचं वापरू नये. बोथट टोकाची कात्री फक्त बाहेरच्या झुपक्यासाठी. भोकाच्या आत काहीही घालायचं नाही, कानकोरणंसुद्धा नाही.

चिमट्याचा मोह मला झाला होता. नळीच्या तोंडाशीच एक केस उपटला, डोळ्यांत पाणी आलं आणि तीन दिवसांनी तिथे गळू झालं. बाहेरून टाचणीच्या डोक्याएवढं, पण त्या कुशीवर झोपता येईना, घास चावतानाही कळ यायची. नंतर कारण कळलं : तिथे त्वचा खालच्या कूर्चेला घट्ट चिकटलेली असते. सुजायला जागाच नसते, म्हणून सगळा दाब नसांवर येतो. मधुमेह असलेल्यांनी तर हा प्रयोग मुळीच करू नये. कानाच्या नळीतला जंतुसंसर्ग त्यांच्यात हाडापर्यंत उतरू शकतो आणि जिवावर बेतू शकतो.

वॅक्स फार तर बाहेरच्या कानाच्या कडेवर, भोकाजवळ कधीच नाही. केस घालवणारी क्रीम तीव्र अल्कधर्मी असतात. केसातल्या प्रथिनांचे बंध तोडून ती केस विरघळवतात, आणि नळीतल्या नाजूक त्वचेलाही सोडत नाहीत. कापल्यानं केस दाट येतो ही समजूत मात्र खुशाल सोडून द्या. मिल्ड्रेड ट्रॉटर यांनी 1928 मध्येच चार पुरुषांच्या दाढीवर हे मोजून पाहिलं होतं, केसाचा रंग किंवा वाढ बदलली नाही. कापलेलं टोक बोथट असतं म्हणून हाताला राठ लागतं, इतकंच.

वारंवार कापायचा कंटाळा असलेल्यांसाठी लेझर आहे. त्याचा प्रकाश केसातल्या काळ्या रंगद्रव्यात शोषला जातो आणि उष्णतेनं मूळ भाजतं. हे तत्त्व 1983 मध्ये अँडरसन आणि पॅरिश यांनी मांडलं. वाढीच्या अवस्थेतल्या मुळांवरच त्याचा नीट परिणाम होतो, म्हणून बऱ्याच फेऱ्या लागतात. गोम अशी की कानावर केस येतात त्या वयात ते पुष्कळदा पांढरे असतात, आणि पांढऱ्या केसात लेझरला धरायला रंगच नसतो. तिथे विद्युत-विच्छेदन उपयोगी पडतं : प्रत्येक मुळात बारीक सुई घालून वीज सोडायची. चार्ल्स मिशेल या नेत्रवैद्यानं 1875 मध्ये डोळ्याला टोचणाऱ्या पापण्यांसाठी ही युक्ती काढली. वेळखाऊ आहे, पण रंगाची अट नाही.

बहुतेकांना ट्रिमर पुरतो. केस पुन्हा दिसू लागले की फिरवायचा. कान स्वतःला धड दिसत नाही, तेव्हा एका हातात छोटा आरसा धरून भिंतीवरच्या आरशात पाहावं, उजेड खिडकीचा असावा. नाहीतर घरातल्या कुणालातरी विचारावं. त्यांना ते बऱ्याच दिवसांपासून दिसत असतात.